म्युच्युअल फंडावर मराठीत पुस्तके लिहिणाऱ्या आणि छापणाऱ्या मंडळींना खुले पत्र

सप्रेम नमस्कार,

म्युच्युअल फंडाच्या प्रत्येक जाहिरातीच्या शेवटी एक वाक्य एका श्वासात वाचून टाकतात. गुंतवणूक बाजारातील जोखमीच्या अधीन आहे, योजनेची सगळी कागदपत्रे काळजीपूर्वक वाचा. ही कागदपत्रे कोणती, मिळतात कुठे, त्यातले कोणते पान आधी उघडायचे आणि कोणते चाळून सोडले तरी चालते, हे नीट समजावून सांगणारे प्रकरण मी मराठी पुस्तकांत बरेच दिवस शोधते आहे.

मी एका सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल आहे. अर्थविषयक पुस्तकांचे कपाट माझ्या टेबलाला लागूनच आहे. त्यामुळे कोण काय नेतो, काय अर्धवट वाचून परत करतो आणि परत करताना काय विचारतो, हे सगळे कानावर पडते. पूर्वी या कपाटाशी निवृत्त मंडळीच दिसायची. आता पहिला पगार हातात आलेली मुलेमुली येतात, घरखर्चातून थोडे बाजूला टाकणाऱ्या बायका येतात, आणि विचारतात, "एसआयपीवर मराठीत काही सोपे आहे का?" एसआयपी म्हणजे दरमहा ठरलेली रक्कम फंडात टाकत जाणे. इंग्रजी वाचता येत नाही असे नाही, पण पैशाची गोष्ट आपल्या भाषेत वाचली की ती डोक्यात पक्की बसते, असे त्यांचे म्हणणे. म्हणजे वाचक आहे, गरज आहे आणि तुमची पुस्तके कपाटात टिकत नाहीत इतकी फिरतात. हे पत्र नाराजीचे असले तरी ते अशा जागेवरून लिहिलेले आहे.

पहिली गोष्ट. तुमच्या बहुतेक पुस्तकांचा पहिला एक तृतीयांश भाग वाचकाला पटवण्यात जातो. महागाई, चक्रवाढ, बँकेतल्या ठेवीवर कर जाऊन हातात काय उरते, लवकर सुरुवात केलेला आणि उशिरा सुरुवात केलेला असे दोन मित्र. अहो, जो माणूस म्युच्युअल फंडाचे पुस्तक शोधत वाचनालयाचा जिना चढून आला, त्याला पटलेलेच आहे. त्याला पुढचे हवे आहे. आणि पटवण्याच्या भरात जी गणिते मांडली जातात ती जरा तपासून घ्या. दरमहा १५,००० रुपये, १५ वर्षे, १५ टक्के आणि हातात एक कोटी, हे सूत्र बऱ्याच ठिकाणी भेटते. आकडेमोड बरोबर आहे. पण १५ टक्के हा परतावा कोणी देऊ केलेला नाही, तो लेखकाने धरलेला आहे. तीच रक्कम तितकीच वर्षे १० टक्क्यांनी वाढली तर साधारण ६२ लाख होतात. आणि महागाई वर्षाला ६ टक्के धरली तर १५ वर्षांनंतरच्या एक कोटीची आजच्या हिशोबाने किंमत ४२ लाखांच्या आत येते. हे दोन आकडे त्याच पानावर, त्याच टायपात छापले असते तर वाचक घाबरून पळाला नसता. त्याने आपली मासिक रक्कम शहाणपणाने ठरवली असती.

आता एसआयपीच्या तक्त्याकडे येते. हा तक्ता जवळपास प्रत्येक पुस्तकात आहे आणि मला सगळ्यात जास्त खटकतो तोच. पाच महिने दरमहा १,००० रुपये भरले. एनएव्ही, म्हणजे फंडाच्या एका युनिटाचा (हिश्शाचा) त्या दिवशीचा भाव, अनुक्रमे १०, ८, ५, ८ आणि पुन्हा १० रुपये. युनिट मिळाले १००, १२५, २००, १२५, १००, म्हणजे एकूण ६५०. शेवटच्या भावाने किंमत ६,५०० रुपये. भरले होते ५,००० रुपये. बाजार होता तिथेच आला आणि तरी १,५०० रुपयांचा फायदा! खाली ठळक अक्षरांत, घसरण ही एसआयपीवाल्याची मैत्रीण.

आमच्याकडच्या एका प्रतीत याच तक्त्याच्या समासात कोणीतरी पेन्सिलीने लिहिले आहे, "आणि उलटे झाले तर?" पुस्तकात लिहू नये अशी पाटी आम्ही भिंतीवर लावली आहे, पण ही ओळ खोडायला माझा हात धजला नाही.

उलटे करून पाहू. एनएव्ही १०, १२.५०, १६, २० आणि मग एकदम १०. युनिट मिळाले १००, ८०, ६२.५, ५०, १००, एकूण ३९२.५. किंमत ३,९२५ रुपये. इथेही भाव १० वर सुरू झाला आणि १० वरच संपला, रक्कम तीच, शिस्त तीच. तरी १,०७५ रुपयांचा तोटा. तुमच्या तक्त्यात घसरण मध्ये आली म्हणून फायदा दिसला, इथे ती शेवटी आली म्हणून तोटा. एसआयपी जितकी जुनी होत जाते तितके जमलेले युनिट वाढत जातात, आणि त्या सगळ्या युनिटांची किंमत शेवटी एकाच दिवसाच्या भावावर ठरते. सुरुवातीच्या पडझडीने फारसे बिघडत नाही, शेवटच्या वर्षातली पडझड मात्र सगळ्या जमलेल्या रकमेवर बसते. म्हणूनच मुलीच्या शिक्षणासाठी साठवणाऱ्याने शेवटची दोन-तीन वर्षे पैसे हळूहळू कमी जोखमीच्या जागी हलवायचे असतात. हा सल्ला काही पुस्तकांत आहेही, पण तक्त्यापासून शंभर पाने लांब. तो का द्यायचा याचे कारण त्याच तक्त्यात दडलेले होते.

तिसरी शक्यताही दाखवा. भाव सरळ वर जात राहिला, १०, १२.५०, १६, २०, २५. एसआयपीवाल्याकडे ३३२.५ युनिट, किंमत ८,३१२.५० रुपये. पहिल्याच दिवशी पाचही हजार टाकले असते तर ५०० युनिट, १२,५०० रुपये. म्हणजे चढत्या बाजारात एकरकमी गुंतवणूक पुढे जाते. एसआयपी यामुळे वाईट ठरत नाही. पगार महिन्याला येतो, म्हणून गुंतवणूकही महिन्याला होते, आणि भाव कधी खाली येईल याची वाट बघत बसण्याचा मोह टळतो, हा तिचा खरा उपयोग. तो सांगायला जादूचा तक्ता लागत नाही.

आता जुन्या होणाऱ्या मजकुराबद्दल. कादंबरी जुनी झाली म्हणून बिघडत नाही. तुमचे पुस्तक मात्र दुधासारखे आहे, त्यावर तारीख हवी. आमच्या कपाटात अजून असे पुस्तक होते ज्यात इक्विटी फंड, म्हणजे शेअरमध्ये पैसे घालणारा फंड, वर्षभर ठेवला की नफा पूर्ण करमुक्त, असे छापलेले होते. ते ३१ मार्च २०१८ पर्यंत खरे होते. त्यानंतर वर्षाला एक लाखाच्या वरच्या दीर्घ मुदतीच्या नफ्यावर १० टक्के कर आला, आणि २३ जुलै २०२४ पासून तो सव्वा लाखाच्या वरच्या नफ्यावर साडेबारा टक्के झाला. वर्षाच्या आत विकले तर १५ टक्क्यांचे २० टक्के झाले. डेट फंड, म्हणजे रोख्यांत पैसे घालणारा फंड, तीन वर्षे ठेवला की महागाईची वजावट घेऊन कर भरा, हा तर तुमचा लाडका सल्ला. १ एप्रिल २०२३ पासून घेतलेल्या युनिटांना ती वजावट नाही, नफा उत्पन्नात धरून आपापल्या टप्प्याने कर भरायचा.

आमच्या एका सभासद बाईंनी पुस्तक वाचून लाभांशाचा पर्याय निवडला होता. त्यात लिहिले होते, करमुक्त नियमित उत्पन्न. एप्रिल २०२० पासून तो लाभांश गुंतवणूकदाराच्या उत्पन्नात धरला जाऊन त्याच्यावर कर लागतो. त्याहून मोठी गोष्ट त्या पुस्तकात पहिल्यापासूनच नव्हती. एनएव्ही ५० रुपये असताना युनिटमागे २ रुपये वाटले की एनएव्ही ४८ होते. आपलाच पैसा आपल्या हातावर ठेवला जातो. एप्रिल २०२१ मध्ये सेबीने, म्हणजे बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी संस्थेने, या पर्यायाचे नाव बदलून त्यात भांडवल काढून घेतले जात असल्याचा उल्लेख घालायला लावला तो याचसाठी. बाईंनी मला विचारले, "मग हे पुस्तकवाल्यांना माहीत नव्हते का?" मी काय उत्तर देणार? तो प्रश्न इथे तुमच्याकडे पोहोचता करते.

नावानिशी योजना सुचवणाऱ्या याद्यांचे तर बोलूच नये. ऑक्टोबर २०१७ मध्ये सेबीने योजनांचे ३६ प्रकार ठरवून दिले आणि एका फंड घराण्याला बहुतेक प्रकारांत एकच योजना ठेवता येईल असे सांगितले. त्यानंतर कित्येक योजनांची नावे बदलली, कित्येक दुसऱ्यांत विलीन झाल्या. तुमच्या 'सर्वोत्तम दहा' यादीतले नाव घेऊन वाचक शोधतो आणि त्याला ते सापडत नाही, किंवा सापडते पण आतला माल निराळा असतो. छपाईला जाईपर्यंत शिळी होणारी ही यादी पुस्तकात कशाला? आणि दुसरा एक प्रकार, तो प्रकाशकांनी ऐकावा. मुखपृष्ठ नवे, किंमत नवी, आत 'सुधारित आवृत्ती', आणि मजकूर जिथल्या तिथे. पुस्तक दाखल करून घेताना आम्ही जुनी प्रत शेजारी ठेवून पाने उलटतो, तेव्हा हे लगेच कळते. करांचे दर, मर्यादा, मुदती हे सगळे एका परिशिष्टात घ्या, वर ठसठशीत लिहा की ही माहिती अमुक तारखेपर्यंतची आहे, आणि ती आठ पाने दरवर्षी वेगळी छापून द्या. आम्ही जुन्या प्रतीत चिकटवू.

जे जुने होत नाही त्याला मग ऐसपैस जागा मिळेल. एनएव्ही म्हणजे काय, हेच घ्या. योजनेकडच्या मालमत्तेतून देणी वजा करून उरलेल्याला युनिटांनी भागायचे, झाले. तरी दहा रुपयांची नवी योजना स्वस्त आणि ५०० रुपयांची जुनी महाग, हा समज अजून जिवंत आहे, आणि तो जिवंत ठेवणारी पुस्तकेही आहेत. १०,००० रुपयांत इकडे १,००० युनिट, तिकडे २०. दोन्हींतले शेअर १० टक्के वाढले की दोन्हीकडे ११,००० रुपयेच होतात.

युनिट ६४ ची गोष्टही मला पुस्तकांत हवी आहे. युनिट ट्रस्टची स्थापना १९६३ ची, १९६४ मध्ये ही योजना आली आणि पुढच्या पिढीभरात घराघरांत 'युनिट' हा शब्द पोहोचला. तिची खरेदी-विक्रीची किंमत संस्था ठरवत असे, ती आतल्या मालमत्तेच्या खऱ्या मोलाशी रोजच्या रोज जुळवलेली नव्हती. दोन्हींतले अंतर वाढत गेले आणि जुलै २००१ मध्ये खरेदी-विक्री थांबवावी लागली. आमच्याकडे येणाऱ्या ज्येष्ठ सभासदांपैकी काही जण अजूनही तरुण मुलांना त्यावरून सावध करतात, आणि मुलांना ते काय म्हणतात हे कळत नाही. आज प्रत्येक योजनेची एनएव्ही कामकाजाच्या प्रत्येक दिवशी जाहीर होते, त्याचे मोल काय हे या गोष्टीवरून दोन पानांत सांगता येईल. तुम्ही मात्र १९६३ पासूनचा इतिहास सनावळीसारखा देता आणि २००१ पाशी आलात की उडी मारून युनिट ट्रस्टच्या २००३ च्या विभाजनावर जाता.

डेट फंडाला पुस्तकात चार पाने मिळतात, त्यांतही 'सुरक्षित' हा शब्द चार वेळा. व्याजदर वाढले की हातातल्या जुन्या रोख्यांचा भाव पडतो, हे नियमाने घडते. रोख्यांचा सुधारित कालावधी (मॉडिफाइड ड्युरेशन, म्हणजे व्याजदर हलला की भाव किती हलतो याचे माप) सहा वर्षे असलेल्या फंडात, दर एक टक्क्याने चढले तर साधारण सहा टक्क्यांची घट होते, इतके साधे गणित कुठे दिसत नाही. ही एक जोखीम. कर्ज घेणारा बुडणे ही दुसरी. आयएल अँड एफएस या बड्या वित्तकंपनीच्या रोख्यांना २०१८ च्या ऑगस्टपर्यंत सर्वोच्च पत होती आणि सप्टेंबरात हप्ते थकलेले होते. तिसरी जोखीम म्हणजे हवे तेव्हा पैसे न मिळणे. एप्रिल २०२० मध्ये एका मोठ्या फंड घराण्याने सहा डेट योजना एकदम गुंडाळायला घेतल्या. गुंतवणूकदारांना पैसे पुढे टप्प्याटप्प्याने मिळाले, पण लागले तेव्हा मिळाले नाहीत. ज्याने दवाखान्यासाठी म्हणून पैसे तिथे ठेवले होते त्याला 'सुरक्षित' या शब्दाचा काय उपयोग झाला?

एक नाजूक मुद्दा आहे, तो टाळत नाही. तुमच्यापैकी बरेच जण म्युच्युअल फंडांचे वितरक आहात. त्यात वावगे काही नाही, लोकांशी रोज बोलणाऱ्यालाच लोकांचे प्रश्न ठाऊक असतात, आणि तुमच्या पुस्तकांतली ग्राहकांची उदाहरणे म्हणूनच जिवंत वाटतात. पण ती गोष्ट मलपृष्ठावर 'अनुभवी अर्थतज्ज्ञ' अशा नावाखाली झाकू नका. मी वितरक आहे आणि योजना विकल्यावर मला कमिशन मिळते, हे एक वाक्य मनोगताच्या आधी छापा. म्हणजे डायरेक्ट प्लॅनचा उल्लेख सबंध पुस्तकात एका ओळीत का उरकला, हे वाचकाचे त्याला कळेल.

१ जानेवारी २०१३ पासून प्रत्येक योजनेला डायरेक्ट प्लॅन आहे. त्यातून वितरकाचे कमिशन जात नाही, म्हणून खर्च कमी. फरक वर्षाला एक टक्का धरा. एक लाख रुपये २० वर्षे १२ टक्क्यांनी वाढले तर ९ लाख ६४ हजार होतात, ११ टक्क्यांनी वाढले तर ८ लाख ६ हजार. दीड लाखाहून जास्त अंतर, तेही मूळ गुंतवणूक एक लाख असताना. वितरक या पैशाच्या बदल्यात काही देत नाही असे मी म्हणत नाही. मार्च २०२० मध्ये घाबरून सगळे विकायला निघालेल्या माणसाचा हात ज्याने धरला, त्याने आपले कमिशन पुरेपूर कमावले. पण किती पैसे जातात आणि त्या बदल्यात काय मिळते, याचा हिशोब वाचकाने स्वतः करायचा आहे. वर्षातून दोनदा येणाऱ्या एकत्रित खाते विवरणात वितरकाला दिलेले कमिशन रुपयांत छापलेले असते. २०१६ पासूनची ही सोय. ती कुठल्या पानावर शोधायची, हे तुमच्या पुस्तकात का नाही?

अनुवादित पुस्तकांबद्दल थोडेच. अमेरिकेत फंडांना शेअर विकून झालेला नफा वर्षाखेरीस गुंतवणूकदारांना वाटावा लागतो आणि त्यावर त्यांना कर भरावा लागतो. म्हणून तिथली पुस्तके सांगतात की वर्षाच्या शेवटी फंड घेऊ नका. हा सल्ला जसाच्या तसा मराठीत येतो आणि इथला वाचक डिसेंबर उलटायची वाट बघत बसतो. आपल्याकडे ग्रोथ पर्यायात, म्हणजे लाभांश न वाटता नफा फंडातच ठेवणाऱ्या पर्यायात, आपण विकेपर्यंत कर लागत नाही. अनुवादकाने तळटीप टाकायला हवी होती, संपादकाने ती मागायला हवी होती. खर्चाचा विचार मात्र सरहद्दी ओलांडून येतो. व्हॅनगार्ड या अमेरिकी फंड कंपनीचे संस्थापक जॉन बोगल यांनी १९७६ मध्ये सर्वसामान्यांसाठी इंडेक्स फंड (निर्देशांकातलेच शेअर त्याच प्रमाणात घेणारा फंड) सुरू केला तेव्हाचा त्यांचा युक्तिवाद साधा होता. सगळ्या गुंतवणूकदारांना मिळून बाजाराइतकाच परतावा मिळू शकतो, त्यातून खर्च वजा होतो, तेव्हा ज्याचा खर्च कमी त्याच्या हाती जास्त उरते. हे समजायला अमेरिका माहीत असण्याची गरज नाही.

आता जे प्रकरण मला हवे आहे त्याबद्दल. योजनेची कागदपत्रे म्हणजे मुख्यतः योजना माहिती दस्तऐवज, ज्याला सगळे एसआयडी म्हणतात, अर्जासोबतचा त्याचा आटोपशीर गोषवारा आणि फंड घराण्याचे मासिक फॅक्टशीट. एसआयडी लांबलचक असते, ती पहिल्यापासून शेवटपर्यंत कोणी वाचावी असा माझा आग्रह नाही. पैसे कशात किती टक्के गुंतवायचे याचा तक्ता तिच्यात असतो, तो आधी पाहावा. लार्ज कॅप फंडाला किमान ८० टक्के पैसे बाजारमूल्याने पहिल्या १०० कंपन्यांत ठेवावे लागतात, हे तिथे दिसते. मग वाचकालाच कळते की चार वेगवेगळ्या घराण्यांचे चार लार्ज कॅप फंड घेऊन जोखीम विभागली जात नाही, त्याच बँकेचे शेअर चार पाकिटांतून येतात.

फॅक्टशीटचे एक पान मी एकदा मोठे छापून आमच्या वाचक मंडळात टेबलावर ठेवले. सगळ्यांचे डोळे सरळ परताव्याच्या चौकटीकडे गेले, म्हणून ती चौकट मी कागदाने झाकली आणि उरलेले वाचायला सांगितले. वरच्या कोपऱ्यात व्यवस्थापकाचे नाव होते आणि शेजारी बारीक अक्षरांत, तो कधीपासून ही योजना बघतो. आठ महिने. मग चौकट उघडली. दहा वर्षांचा परतावा झकास होता, पण तो या गृहस्थांचा नव्हता. एका काकांनी हळूच विचारले, "मग आधीचे कुठे गेले?" तोच प्रश्न विचारायला पुस्तकाने शिकवायचे असते.

त्याच चौकटीत शेवटची तारीख किती खेळ करते तेही दाखवता येते. मार्च २०२० अखेर संपलेल्या वर्षात निफ्टी ५० हा निर्देशांक २६ टक्के उतरलेला होता, मार्च २०२१ अखेर संपलेल्या वर्षात ७० टक्क्यांच्या आसपास चढलेला. निर्देशांक तोच, त्यातल्या कंपन्या जवळपास त्याच. दुसऱ्या वर्षी छापलेल्या जाहिरातीतला आकडा बघून जो आला, त्याला पहिल्या वर्षाचा आकडा कोणी दाखवला? तुलनेचा निर्देशांकही लाभांश धरून मोजलेला आहे का, हे बघायला शिकवा. फेब्रुवारी २०१८ पासून तसे बंधन आहे. त्याआधीच्या पुस्तकांतले 'बाजारावर मात' करणारे कित्येक फंड लाभांश न धरलेल्या निर्देशांकाशी तोलले होते, म्हणून उजवे दिसत.

रिस्कोमीटरवर, म्हणजे योजनेची जोखीम काट्याने दाखवणाऱ्या चित्रावर, तुम्ही दोन पाने देता. जानेवारी २०२१ पासून त्यावर सहा पायऱ्या आहेत हे ठीक, पण जवळजवळ प्रत्येक इक्विटी फंडाचा काटा शेवटच्या पायरीवरच असतो. दोन इक्विटी फंडांतून एक निवडताना त्याचा उपयोग नाही, हे स्पष्ट लिहा. त्याऐवजी स्मॉल कॅप, म्हणजे लहान कंपन्यांचे शेअर घेणाऱ्या फंडांचे ताणचाचणीचे आकडे वाचायला शिकवा. निम्मा पोर्टफोलिओ विकायचा झाला तर किती दिवस लागतील, हे फंड घराणी मार्च २०२४ पासून दर महिन्याला जाहीर करतात. एका फंडाला थोडे दिवस आणि दुसऱ्याला कितीतरी जास्त दिवस लागत असतील तर त्या अंतरातून जी जोखीम कळते ती काट्यावर दिसत नाही.

एवढे सगळे एका पुस्तकात मावेल का? पटवण्याचा तो पहिला एक तृतीयांश भाग आणि दहा योजनांची यादी काढली तर मावून पाने उरतील. त्या उरलेल्या पानांवर शब्दसूची द्या. पुस्तकाच्या मागे सूची नसल्यामुळे 'एक्झिट लोड' (ठरलेल्या मुदतीआधी पैसे काढल्यास कापले जाणारे शुल्क) कुठे आला होता हे शोधायला वाचक पुन्हा आमच्या टेबलाशी येतो, आणि मीही पाने उलटत बसते.

शेवटी एक प्रस्ताव. आमच्या वाचक मंडळात शिक्षिका आहेत, रिक्षा चालवणारे एक गृहस्थ आहेत, बँकेतून निवृत्त झालेले काका आहेत आणि नुकती नोकरी लागलेली तीन-चार मुले आहेत. तुमच्यापैकी कोणी फॅक्टशीट वाचण्यावर प्रकरण लिहायला घेणार असेल, तर कच्चा खर्डा आमच्याकडे पाठवा. आम्ही तो एखाद्या चालू योजनेचे पान शेजारी ठेवून एकत्र वाचू आणि कोण कुठल्या ओळीवर अडखळले ते समासात लिहून परत पाठवू. त्या समासात पेन्सिल चालेल.

आपली,
एका सार्वजनिक वाचनालयाची ग्रंथपाल